अडीच पट कापड

१

दर महिन्याच्या पाच तारखेला सकाळी, मी चहा गाळत असताना, नवऱ्याचा फोन टुणकन वाजायचा. तो चष्मा कपाळावर सरकवून मेसेज बघायचा आणि म्हणायचा, "गेला." मी म्हणायचे, "जाऊ दे." घराच्या कर्जाचा हप्ता. आमचं बोलणं तेवढंच. चार वर्षांत ते इतकं अंगवळणी पडलं होतं की एकदा फोन दुसऱ्या खोलीत चार्जिंगला राहिला, तर दिवसभर काहीतरी करायचं राहून गेल्यासारखं वाटत होतं.

आता तो फोन त्या कारणानं वाजत नाही. हे आधीच सांगून टाकते, कारण हे रडगाणं नाही. आम्ही जिंकलो, आणि चांगलं नाकावर टिच्चून जिंकलो. फक्त कशाशी लढलो ते विचाराल तर मला धड सांगता येणार नाही, आणि नवरा तर तो विषय निघाला की उठून गॅलरीत जातो.

मी पडदे शिवते. दुकान नाही, घरात मागच्या खोलीत मशीन आहे. लोकांच्या खिडक्या मोजायच्या, कापड बेतायचं, शिवायचं, दांडीवर चढवून द्यायचं. गळ्यातला टेप मी फक्त आंघोळीपुरता काढते असं नवरा म्हणतो. तो लिफ्ट दुरुस्त करतो आणि त्याच्या खिशात झोपतानाही पाना सापडतो, तेव्हा त्यानं मला हसायचं कारण नाही.

घर तिसऱ्या मजल्यावर आहे. दार उघडलं की हॉल, तिथंच खिडकीशी सासूबाईंचा पलंग. डावीकडे स्वयंपाकघर. समोर अरुंद पॅसेज, त्याच्या मध्यावर बाथरूम आणि टोकाला आमची खोली, माझं मशीनही तिथंच. वीस वर्षांचं कर्ज काढून घेतलेलं. हप्ता झेपेल इतका असावा म्हणून लांबात लांब मुदत आम्हीच मागून घेतली होती, आणि तो किती हलका पडला याचं कौतुक पाहुण्यांना सांगत होतो.

तर एका सकाळी सासूबाई काठी टेकत पॅसेजमधून आल्या, पलंगावर बसल्या आणि दम खात म्हणाल्या, "मोरी लांब गेलीये."

"आई, वय झालं आता," नवरा म्हणाला.

"वय माझं झालंय. मोरीचं काय झालंय?"

आम्ही दोघं पोट धरून हसलो. त्या हसल्या नाहीत. पदरानं मान पुसत पॅसेजकडे बघत बसल्या.

२

घरात आलो तेव्हा सोफ्याच्या उरलेल्या जाड कापडाचं मी पॅसेजसाठी लांबट जाजम शिवलं होतं. हॉलच्या फरशीपासून आमच्या खोलीच्या उंबऱ्यापर्यंत, अगदी बेतून. सासूबाईंच्या तक्रारीनंतर काही दिवसांनी झाडताना दिसलं की उंबऱ्याशी वीतभर फरशी उघडी पडलीये.

कापड आटतं. हे मला कुणी शिकवायला नको. पण हे जाजम मी शिवायच्या आधी दोनदा पाण्यातून काढलं होतं आणि नंतर कितीदा धुतलं त्याला गणती नाही. आटायचं ते केव्हाच आटून बसलं होतं. तरी मनाची समजूत घातली आणि नवं शिवलं. या वेळी टेप लावून, जमिनीवर गुडघे टेकून, खडूची खूण करून. व्यवस्थित बसलं. पावसाळा संपेपर्यंत तेही वीतभर तोकडं झालं.

नवऱ्याला टेप धरायला लावला. त्यानं आकडा बघितला, माझ्याकडे बघितलं आणि म्हणाला, "आधी चुकलं असेल."

"माझं?"

"बरं, टेप सैल पडला असेल. इमारत नवीन आहे, बसत असेल. बसतात इमारती."

"इमारत बसते म्हणजे खाली जाते हो. लांब कशी होईल?"

लिफ्टवाल्याला यावर उत्तर असायला हवं होतं. त्याच्याकडे नव्हतं, म्हणून तो चिडला आणि कामावर गेला.

मी खाली रस्त्यावर जाऊन मागची भिंत बघितली. जिथली तिथं होती. वरच्या-खालच्या मजल्यांच्या भिंतींशी सरळ रेषेत, कुठं फुगवटा नाही की भेग नाही. मग खालच्या काकूंकडे गेले. त्यांचं घर आमच्यासारखंच, फक्त त्यांनी ते गावाकडची जागा विकून एकरकमी घेतलेलं. जाजमाचा भाव सांगते या निमित्तानं त्यांचा पॅसेज मोजला. आमच्यापेक्षा हातभर कमी भरला. आमचा पहिल्या दिवशी जेवढा होता, तेवढाच.

काकूंनी चहा पुढे केला. मी तो कसा प्यायले मला आठवत नाही.

३

पुढची गोष्ट भर दुपारची. हॉलमध्ये ऊन आलेलं, सासूबाई पेपर तोंडावर घेऊन पडलेल्या, मी ओट्याशी भांडी विसळत होते. मागच्या खोलीत मशीन सुरू झालं.

आधी लक्षातच आलं नाही, कारण तो आवाज माझ्या घरातला रोजचाच. हात थांबले तेव्हा कळलं की मशीन चालवणारी मी तर इथं उभी आहे.

शेजारचं असेल म्हणाल. मीही म्हटलं. पण माझी एक सवय आहे. कोपरा आला की मी पाय उचलते, चाक हातानं अर्धं फिरवते, कापड वळवते आणि मग पुन्हा पाय टाकते. त्यामुळे माझ्या मशीनच्या आवाजात मध्येच एक उचकी येते. ही उचकी मी कुणाकडून शिकले नाही आणि कुणाला शिकवलेली नाही. तीच येत होती. लांब शिलाई, उचकी. लांब शिलाई, उचकी.

हात ओले तसेच घेऊन मी पॅसेजमध्ये शिरले. बाथरूमचं दार गेलं. त्यानंतर आमच्या खोलीचं दार लगेच यायला हवं, ते आलं नाही. म्हणजे दिसत होतं, पण मी चालतच होते. पायाखालचं जाजम संपलं आणि गार फरशी लागली, ती वीतभर नव्हती. शेवटी दाराशी पोचले तेव्हा माझा श्वास चढला होता आणि आवाज थांबला होता.

खोलीत कुणी नव्हतं. मशीनचं बटण बंद होतं. सुई मात्र खाली होती, दाबपट्टीखाली काही नसताना. सुई खाली ठेवून मी कधीच उठत नाही. मशीनच्या दिव्याला हात लावला तर चटका बसला.

सासूबाईंना विचारायला गेले तर पेपर श्वासाबरोबर वरखाली होत होता. त्यांना उठवलं नाही. स्वयंपाकघरात स्टुलावर बसले आणि स्वतःला चांगलं खडसावलं. दिवा सकाळपासून चालू राहिला असेल. सुई चुकून राहिली असेल. चाळिशी उलटली की बायकांना नाही नाही ते ऐकू येतं असंही कुठंतरी वाचलं होतं, तेसुद्धा वापरून टाकलं.

४

तिला मी बघितलं ते त्याच आठवड्यात, तेही दुपारीच.

दार अर्धवट लोटलेलं होतं. फटीतून मशीन दिसत होतं आणि मशीनवर वाकलेली पाठ. केस पांढरेधोप, अंबाडा माझ्यासारखा वर बांधलेला. मानेवर टेप. करड्या रंगाचं कापड सुईखालून जात होतं आणि पलीकडे जमिनीवर साचत होतं, त्याचा ढीग खिडकीपर्यंत आलेला. ती थांबत नव्हती. डावा खांदा उजव्यापेक्षा खाली उतरला होता. माझा आता कुठं उतरायला लागलाय, डॉक्टर त्याला व्यायाम सांगतात.

मला तिचा चेहरा दिसला नाही आणि मी बघायला थांबलेही नाही. पण पलंग दिसला. आमचाच पलंग, चादर नीट घातलेली, आणि त्यावर एकच उशी. खिडकीकडच्या बाजूची, म्हणजे माझी.

मी उलट्या पावली हॉलमध्ये आले. सासूबाई जाग्या होत्या.

"बघितलीस का?" त्यांनी विचारलं.

मी त्यांच्या पलंगाच्या कडेवर बसले.

"तुझ्याहून म्हातारी आहे. माझ्याहून नाही," त्या म्हणाल्या. "चहा विचारला मी तिला परवा. नको म्हणाली. म्हटलं, बाई, उठायचं कधी? तर म्हणाली, अजून चोवीस वर्षं आहेत."

"कशाची?"

"ते तुला माहीत. घराच्या हप्त्यांची म्हणाली."

आता मी भित्री नाही, पण त्या क्षणी मी पुरती घाबरले होते. तरी काय झालं सांगू? भीतीच्या वर मला राग आला. साधा, हिशेबाचा राग. चोवीस कुठून आली? वीस वर्षांचं कर्ज, चार वर्षं न चुकता भरलेलं, राहिली सोळा. विसातून चार गेले सोळा हे दुसरीतलं पोर सांगेल. जी कोण होती ती होती, पण माझ्या घरात बसून, माझ्या मशीनवर, माझ्या वर्षांचा चुकीचा हिशेब करत होती.

"उद्या बँकेत जायचं," मी नवऱ्याला संध्याकाळी सांगितलं.

"कशाला? हप्ता जातोय ना वेळेवर?"

"आईंना सोळा आणि चोवीस यातला फरक दाखवून द्यायचाय."

उशीचं मी त्याला सांगितलं नाही. सांगण्यासारखं नव्हतं ते.

५

कर्ज खात्यातला साहेब तरुण होता, बोलायला गोड. आमचा नंबर टाकला, स्क्रीनकडे बघितलं आणि सहज म्हणाला, "चोवीस वर्षं बाकी आहेत, ताई. त्याला एखादा महिना कमी."

माझा हात गळ्यातल्या टेपवर गेला आणि तिथंच राहिला.

"विसाचं कर्ज होतं," नवरा म्हणाला. "चार वर्षं भरलंय आम्ही."

"हो ना, एकही हप्ता चुकला नाही तुमचा. पण मधे व्याजाचा दर चढला. दर चढला की दोनपैकी एक करावं लागतं. हप्ता वाढवायचा, नाहीतर मुदत. तुम्ही काही कळवलं नाहीत, म्हणून हप्ता तोच राहिला आणि मुदत लांबली. मेसेज आला असेल बघा."

नवरा खाली मान घालून बसला. "आला होता," तो म्हणाला. "हप्ता तोच दिसला, म्हणून पुढचं वाचलं नाही."

साहेबानं स्क्रीन आमच्याकडे वळवली. चार वर्षांत आम्ही दिलेल्या पैशातला जवळजवळ पाऊण हिस्सा व्याजात गेला होता. मुद्दल जेमतेम खरवडलं गेलं होतं. आणि दर चढल्यावर त्या खरवडण्याचीही गती मंदावली होती.

मग मी त्याला तो प्रश्न विचारला जो माझी गिऱ्हाइकं मला रोज विचारतात. "एकूण किती लागणार? सुरुवातीपासून शेवटच्या हप्त्यापर्यंत, सगळं धरून?"

त्यानं आकडेमोड केली. "घेतलेल्या कर्जाच्या... साधारण अडीच पट."

मी हसायला लागले. बँकेतली माणसं वळून बघायला लागली, नवऱ्यानं कोपर मारलं, तरी हसू थांबेना. अहो, पडद्याला खिडकीच्या अडीच पट कापड लागतं! माझ्या धंद्यातली ही पहिली ओळ आहे. खिडकी चार फुटांची असली तर कापड दहा फूट घ्यायचं, कारण उरलेलं सगळं चुण्यांमध्ये जातं. गिऱ्हाईक दरवेळी डोळे वटारतं, मला लुटारू म्हणतं, आणि मी बोटानं चुण्या पाडून दाखवते, की बघा, कापड इथं जातं. खिडकीच्या रुंदीवरून कापडाचा अंदाज बांधू नका, हे मी शेकडो लोकांना सांगितलंय. आणि स्वतः घर घेताना फक्त खिडकी बघितली. महिन्याला किती एवढंच विचारलं. चुण्यांत काय जातंय हे विचारायची मला बुद्धी झाली नाही.

"कुणीच विचारत नाही ताई," साहेब समजुतीनं म्हणाला. "सगळे महिन्याचंच बघतात. घर घेतलं तेव्हा मीही तेच केलं."

"बरं, उलटं सांगा," मी डोळे पुसत म्हटलं. "एक हप्ता जादा भरला तर?"

"तर आत्ताच्या हिशेबानं शेवटाकडचे आठ-नऊ हप्ते गळतात."

"एकाला नऊ?"

"आत्ता भरलात तर. जसजसा उशीर कराल, तसे कमी."

घरी येताना बसमध्ये मी बोटांवर नऊ-नऊ मोजत होते. मशीनच्या शिलाईचा योग्य दोरा सापडला की सगळी सरसर उसवत जाते, तो दोरा मला सापडला होता.

६

नवरा मात्र सहज तयार झाला नाही. आम्ही गाडीसाठी पैसे साठवले होते. त्या गाडीचा रंगसुद्धा त्यानं ठरवून ठेवला होता.

"हप्ता परवडतोय, चाललंय ते चालू दे," तो म्हणाला. "चोवीस तर चोवीस. जादा ड्युट्या करीन मी. आत्ताही करतोच की."

"आणि तब्येत?"

"माझ्या तब्येतीला काय धाड भरलीये?"

असं म्हणून तो मोजे आणायला आत गेला. मी त्याच्या पावलांचा आवाज ऐकत होते. पावलं गेली, जात राहिली, जातच राहिली, आणि मग ऐकू येईनाशी झाली. सासूबाई उठून बसल्या. मी हाक मारणार तेवढ्यात तो परत येताना दिसला, एक हात भिंतीला लावून. मोजे आणले नव्हते. सोफ्यावर बसला आणि अगदी साध्या आवाजात त्यानं विचारलं, "माझी उशी कुठं ठेवलीस?"

मी आत जाऊन बघितलं. पलंगावर दोन्ही उशा होत्या, शेजारी शेजारी. तसं त्याला सांगितलं. त्यानं मान हलवली, पण विश्वास ठेवला नाही. आत काय दिसलं हे मी विचारलं नाही आणि त्यानंही सांगितलं नाही. बराच वेळ माझा हात हातात धरून बसला. आमच्या लग्नात तसली पद्धत नव्हती.

दुसऱ्या दिवशी गाडीचे सगळे पैसे कर्जात भरले. हप्ताही वाढवून घेतला, झेपेल त्याच्या पार काठापर्यंत.

भरून घरी आलो तर जाजम उंबऱ्याशी गोळा झालं होतं. तोकडं पडलेलं जाजम आता लांब झालं होतं, आणि टोकाला त्याच्या चुण्या पडल्या होत्या. सुबक, एकसारख्या, माझ्या हातच्या. मला ते दृश्य बघून शिसारी आली आणि त्याच वेळी आनंदानं ओरडावंसं वाटलं. मी ओरडलेच. सासूबाई म्हणाल्या, "काय गं, मोरी जवळ आली का?"

तिथून पुढची सात वर्षं आम्ही कंबर कसून लढलो. नवऱ्यानं जुनी स्कूटर चालवली, ती इतकी फटफटायची की खालच्या काकू त्याला वेळेचा भोंगा म्हणायच्या. मी एका हॉटेलच्या सगळ्या खोल्यांचे पडदे घेतले. आला पैसा की भर कर्जात. जादा ड्युट्या त्यानं केल्या, पण आता त्यांना शेवट होता. लोक सहलींचे फोटो दाखवायचे, आम्ही पॅसेज मोजायचो. एकदा मधेच दर पुन्हा चढला, आणि त्या दुपारी मी कात्री आणायला आत गेले तर बाथरूमचं दार माझ्या शेजारून दोनदा गेलं. पुढं मशीन चालू, मागं हॉलचा उजेड दिव्याएवढा झालेला. सासूबाईंनी हॉलमधून मला शिव्या घालायला सुरुवात केली, सूनबाई म्हणून आल्यापासूनच्या सगळ्या चुका एकापाठोपाठ एक, आणि त्या आवाजाच्या मागं मागं मी बाहेर आले. त्यांना मी एवढी मनापासून कधी बिलगले नव्हते.

त्याच संध्याकाळी त्यांनी आपली ठेवपावती नवऱ्यापुढे टाकली.

"आई, हे तुमच्या शेवटच्या खर्चाला ठेवलेले पैसे आहेत," मी म्हटलं.

"मरण लांबवता येतं गं," त्या म्हणाल्या. "व्याज नाही लांबवता येत. भरा."

खरोखरच त्यांनी ते लांबवलं. त्या अजून ठणठणीत आहेत आणि या सगळ्याचं श्रेय स्वतःकडे घेतात.

७

शेवटचा भरणा केला तो दिवस उन्हाचा होता. बँकेतून घराची मूळ कागदपत्रं घेतली. साहेब आता मोठा साहेब झाला होता, केस विरळ झाले होते, तरी खुर्चीतून उठून त्यानं हात मिळवला. रस्त्यात नवऱ्यानं स्कूटरवरच गाणं म्हटलं. तो बेसूर गातो. मीही त्यात सूर मिसळला.

दार उघडून आत आलो आणि दोघंही जागच्या जागी उभे राहिलो. मागच्या खोलीत मशीन चालू होतं.

लांब शिलाई, उचकी. लांब शिलाई, उचकी.

"सगळं भरलं ना?" नवऱ्यानं कागदपत्रं छातीशी धरली. "एक पैसा राहिला नाही ना?"

"काही राहिलेलं नाही."

"मग?"

सासूबाई पलंगावरून म्हणाल्या, "तिला कुणी सांगितलंय का?"

मला एकदम लख्ख उजाडलं. इतकी वर्षं मी त्या बाईला भ्याले, तिच्यावर चिडले, तिच्यापासून पळाले. ती काय करत होती? माझ्या वाटणीचं शिवत होती. एक शब्द न बोलता, खांदा उतरेपर्यंत, एका उशीच्या खोलीत. ती आमची वैरीण नव्हतीच. आम्ही सुटलो, हे तिच्या कानावर जायला नको?

मी पॅसेजमधून गेले. चार पावलांत खोली आली. दार लोटलं आणि नजर मुद्दाम जमिनीवर ठेवली. करड्या कापडाचा ढीग माझ्या पायांपर्यंत आला होता. खुर्चीखाली तिचे पाय दिसत होते, सुजलेले, आणि डाव्या पायाचा अंगठा माझ्यासारखाच आत वळलेला.

"ऊठ," मी म्हटलं. "फिटलं सगळं."

मशीन चालूच राहिलं.

"अगं, ऊठ. तुला नाही शिवायचं आता. मी तुझी सगळी वर्षं सोडवून आणलीत."

उचकी आली. मग पुढची शिलाई आली नाही.

खुर्ची सरकली. गुडघे कटकन वाजले, आणि कण्हल्याचा एक लहानसा आवाज आला. ते पाय माझ्यासमोर येऊन थांबले. माझ्या गालावर एक हात आला, बोटांना सुईचे घट्टे पडलेला, गार नव्हता, नुसता थकलेला होता. मी डोळे मिटून घेतले. मला रडू फुटलं होतं आणि मी हसतही होते. हात दूर झाला. पावलं पॅसेजमधून हॉलकडे गेली, सावकाश, पण कुठंही न अडखळता. हॉलमध्ये बराच वेळ थांबली. मग जिन्यावरून उतरत गेली.

डोळे उघडले तेव्हा खोलीत मशीन होतं, पलंग होता, ऊन होतं. कापडाचा चिंधीएवढाही तुकडा नव्हता.

हॉलमध्ये नवरा भिंतीला टेकून उभा होता. त्याचा चेहरा ओला झाला होता.

"माझ्यासमोर उभी राहून बघतच राहिली," तो म्हणाला. "मग माझी कॉलर नीट केली तिनं."

बाहेरचं दार सताड उघडं होतं. मी लावायला निघाले, तशा सासूबाई मला थांबवून म्हणाल्या, "अगं राहू दे. जाताना तिनंही विचारलं, दार ओढून घेऊ का म्हणून. मी सांगितलं, उघडंच ठेव. घर आपलं आहे."